पडलेला मेला समजू नये

काचेच्या पेटीला डाव्या अंगाला एक कागद चिकटवलेला होता. वहीचं फाडलेलं पान, वर पारदर्शक चिकटपट्टी, आणि त्यावर चष्मेवाल्यांच्या बायकोचं टपोरं अक्षर. ती एकदा चार दिवस लेकीकडे राहायला गेली होती, तेव्हा नवऱ्यासाठी लिहून ठेवलेले नियम होते ते:

पाने रोज ताजी. औषध मारलेली नकोत.
सकाळी पाण्याचा फवारा. दव पडल्याइतकाच, आंघोळ घालू नये.
उलटा लटकला असेल तर कात टाकतोय. हात लावू नये.
पडलेला मेला समजू नये. एक दिवस थांबावे.
जास्तीची अंडी दोन दिवस फ्रीजरमध्ये. मगच टाकावीत.

तेव्हा चष्मेवाल्यांनी पहिल्या दोन ओळी वाचल्या आणि बाकीचा कागद भिंतीचा रंग पाहावा तसा पाहिला. आता बायको जाऊन आठ महिने झाले होते आणि त्यांना तो कागद डोळे मिटून म्हणता येत होता.

चष्मेवाले म्हणजे चष्म्याच्या दुकानाचे मालक नव्हेत. मालक पुढे बसायचा, हसायचा आणि गिऱ्हाईकांना आरसा दाखवायचा. हे मागच्या खोलीत बसून काचा घासायचे आणि फ्रेममध्ये बसवायचे, चौतीस वर्षं. केसाएवढा ओरखडा त्यांच्या नजरेतून सुटत नसे. बायको म्हणायची, "गावाला दिसायला लावता, पण घरात डोळ्यांसमोरची मिठाची बरणी दिसेल तर शपथ." त्यावर ते म्हणायचे, की घरी बघायला तू आहेस ना. हे त्यांनी इतक्यांदा म्हटलं होतं की दोघांनाही त्याचं काही वाटेनासं झालं होतं.

बायको शाळेच्या प्रयोगशाळेत मदतनीस होती, पुढे त्याच शाळेच्या कार्यालयात. शाळेने प्रयोगशाळा बंद करून तिथे संगणक मांडले, तेव्हा बेडकांच्या बरण्या भंगारात गेल्या आणि चार काडीकिडे हिच्या पिशवीतून घरी आले. किडे कसले, वाळक्या काड्याच त्या. बोटभर लांब, करड्या, सहा पायांच्या. दिवसभर फांदीला फांदी होऊन बसायचं आणि अंधार पडला की गुलाबाची पानं कुरतडायची, एवढाच उद्योग. चष्मेवाल्यांनी कपाळाला हात लावला. लोक कुत्रं पाळतात, पोपट पाळतात, आमच्याकडे झाडू पाळलाय, असं ते दुकानात सांगत.

पण बायकोचा त्यांच्यावर जीव होता. कागदावर नवऱ्यासाठी 'पडलेला' असं लिहिलं, तरी एरवी ती त्यांना किडा म्हणू द्यायची नाही. बायका आहेत त्या, म्हणायची. आणि खरंच, त्या जातीत सगळ्या बायकाच. नर लागतच नाही. मादी आपली आपण अंडी घालते, त्यातून मुली निघतात, आणि त्या मुली हुबेहूब आईसारख्या. "बघा, बापावाचून काही अडत नाही यांचं," असं ती पानं बदलता बदलता नवऱ्याला ऐकवायची.

या किड्यांची एक खोड होती, आणि सगळं घडलं ते त्या खोडीवरून. जरा धक्का लागला की ती काडी फांदीवरून खाली पडायची. पुढचे दोन पाय डोक्यासमोर ताणून सरळ करायची आणि निपचित पडून राहायची. उलटी करा, टोचा, ढिम्म नाही. मेल्याचं असं बेमालूम सोंग माणसालाही जमणार नाही. कधी दहा मिनिटं, कधी तासन्‌तास. मग कुणाचं लक्ष नसताना उठून पुन्हा फांदीवर.

घरात त्यावरून एक शब्द रुळला होता, काडी होणं. सुट्टीच्या सकाळी नवऱ्याने हाक मारली आणि उठायचं नसलं, की बायको हात डोक्याच्या वर ताणून, श्वास धरून ताठ पडायची. मुलगी लहान असताना ती खदाखदा हसायची, आईच्या तळपायाला गुदगुल्या करायची, तरी आई हलायची नाही. मुलगी मोठी झाली, लग्न होऊन शहराच्या दुसऱ्या टोकाला गेली, कुरिअरच्या गोदामात लोकांच्या पाळ्या लावायच्या नोकरीला लागली, तरी फोनवर विचारायची, "आई उठली की काडीच आहे अजून?"

आठ महिन्यांपूर्वी शाळेला सुट्टी होती. चष्मेवाले आंघोळ करून आले तेव्हा बायको भिंतीकडे तोंड करून पडलेली. उजवा हात उशीवरून वर, सरळ ताणलेला. ते दारात उभे राहिले, हसले आणि म्हणाले, "झाली का काडी? राहा पडून." चहा केला, आपला घेतला, तिच्या कपावर बशी झाकली, दार ओढून घेतलं आणि कामाला गेले. जिन्यातही त्यांना हसू येत होतं.

दुपारी अडीचला जेवायला परतले, तर कपावर बशी तशीच. आणि हात तसाच.

खालच्या मजल्यावर डॉक्टरांचा दवाखाना होता, ते धावत वर आले. त्यांनी तपासलं, घड्याळ पाहिलं आणि सरळ साधा प्रश्न विचारला. शेवटचं केव्हा बोलल्या? चष्मेवाल्यांच्या तोंडून शब्द गेले, "नऊला. मी निघताना बोलली." ते असं का म्हणाले हे त्यांना तेव्हाही कळलं नाही. लाज वाटली असेल. बायको मरून पडली आणि नवरा हसून निघून गेला, हे डॉक्टरांना कसं सांगायचं? डॉक्टरांनी ते लिहून घेतलं.

संध्याकाळी मुलगी आली. तिचं आणि आईचं तीन आठवडे बोलणं नव्हतं. आई रक्तदाबाच्या गोळ्या घेत नाही म्हणून मुलगी फोनवर संतापली होती आणि शेवटी म्हणाली होती, "नको घेऊस. मर मग तशीच." त्यानंतर दोघींपैकी कुणीच फोन केला नव्हता. आता ती आईच्या उशाशी बसली होती, डोळे कोरडे, चेहरा चुन्यासारखा. कुणीतरी म्हणालं, सकाळपर्यंत चांगल्या बोलत होत्या म्हणे. तिने मान वर केली.

"बोलली? काय बोलली, बाबा?"

एक थाप मारली की तिला सांभाळायला दुसरी लागते. चष्मेवाल्यांनी लेकीच्या चेहऱ्याकडे पाहिलं आणि त्यांचं काळीज फाटलं. "तुझंच बोलली," ते म्हणाले. "म्हणाली, संध्याकाळी बाळाला फोन करते. किती दिवस रुसून बसायचं माणसाने." मुलीने तोंडावर हात घेतला आणि ती रडली. तिला रडू आलं याचं त्यांना बरं वाटलं.

त्यानंतर ती दर रविवारी येऊ लागली. येताना ओळखीच्या माळ्याकडून औषध न मारलेली गुलाबाची पानं आणायची, जेवायची, भांडी विसळायची, आणि जायच्या आधी पदर खोचता खोचता विचारायची, "बाबा, त्या दिवशी आई काय म्हणाली होती?" सुरुवातीला ते तेवढं एक वाक्य सांगत. मग ते कमी पडतंय असं वाटलं. दुसऱ्या महिन्यात आई खिडकीपाशी वेणी घालत होती. तिसऱ्यात तिने चहात साखर कमी म्हणून तोंड वाकडं केलं. पुढे ती नवऱ्याच्या शर्टाच्या गुंडीवरून बोलली, मुलीच्या लहानपणच्या गोवराची आठवण काढून हसली. आठ महिन्यांत ती सकाळ चांगली तासाभराची झाली होती. चष्मेवाल्यांना ती आता डोळ्यांसमोर दिसायची, खिडकीतल्या उजेडासकट. आणि मुलगी निघून गेली की दुसरी सकाळ यायची. भिंतीकडचं तोंड आणि तो हात.

घर त्यांना खायला उठायचं. बायको होती तेव्हा कधी कानावर न आलेला एक आवाज आता यायला लागला होता, टक. थोडा वेळ काही नाही. पुन्हा टक. बाजूच्या खोलीत कुणीतरी शिवता शिवता टाचणी खाली ठेवावी तसा. पहिल्यांदा ऐकला तेव्हा ते चक्क "काय गं?" म्हणाले, आणि आपल्याच आवाजाने दचकले. पेटीत जाऊन पाहिलं तेव्हा कळलं. पानांखाली अंथरलेल्या वर्तमानपत्रावर अंडी पडत होती. बीसारखी, टोकाला पिवळा ठिपका असलेली. कळल्यावरही फरक पडला नाही. कपाट आवरताना टक झालं की मान तिकडे वळायचीच.

बायकोने आणलेल्या काड्यांच्या कितव्या तरी पिढीतल्या होत्या या. ती गेली तेव्हा चार मोठ्या होत्या. वर्षभराचं आयुष्य त्यांचं, एकामागून एक पडल्या. पण तिच्या हयातीत पडलेली अंडी ती गेल्यावर फुटायला लागली. सकाळी फवारा मारायला जावं तर दोऱ्याएवढ्या चार पोरी फांदीवर डुलत असायच्या, नुकत्या आलेल्या. चष्मेवाल्यांच्या अंगावर काटा यायचा. हे तिने मागे ठेवलंय, असं वाटायचं, आणि ते संपतच नव्हतं. जास्तीची अंडी फ्रीजरमध्ये टाकायचा नियम होता. पाचव्या ओळीत स्पष्ट लिहिलं होतं. त्यांनी वाटीभर अंडी दोनदा फ्रीजरपर्यंत नेली आणि दोनदा परत आणली. तिच्या हातच्या वाटीतली होती ती, गार कशी करायची?

मग पेटी पुरेना. पडद्यावर काड्या आल्या, दांडीवरच्या तिच्या शालीवर आल्या. पंखा बंद असताना, खिडक्या बंद असताना, वारा लागल्यासारख्या त्या सगळ्या एका लयीत डुलायच्या आणि एकदम थांबायच्या. कुणी आत आल्यावर गप्पा थांबतात तशा. जागोजागी टाकलेल्या काती लटकायच्या, पाय, मिशा, डोळ्यांच्या जागांसकट, आत कुणी नाही. ते घरात पाय घासत चालायला शिकले.

सगळ्यात वाईट म्हणजे पडलेल्या काड्या. चौथी ओळ. पहिली मोठी काडी पडली तेव्हा त्यांनी एक दिवस वाट पाहिली, नियमाप्रमाणे. दुसऱ्या दिवशी ती टाकायला उचलली आणि हात थांबला. एक दिवस म्हणजे किती तास? सकाळचं मोजायचं की दुपारचं? आणि ही अजून सोंगच करत असली तर? त्यांनी दुकानातून चष्म्याची एक रिकामी केस आणली, आत कापूस घातला, काडी ठेवली, झाकणावर तारीख लिहिली. रोज सकाळी कामाला निघण्याआधी ते केस उघडायचे, भिंग डोळ्याला लावायचे आणि पाहायचे. मिशी हलतेय का. पोट हलतंय का. मग दुसरी केस आली, मग तिसरी. मोठ्या संपल्या तशा गर्दीत पानं न पुरलेल्या लहान पोरीही पडायला लागल्या. मालकाने विचारलं, एवढ्या केसा कशाला लागतात तुम्हाला? ते म्हणाले, आहेत नातेवाईक. बायकोच्या फळीवर, जिथे तिच्या साड्या होत्या तिथे, आता एकतीस केसा ओळीने मांडलेल्या होत्या. सगळ्या पाहून व्हायला पाऊण तास लागायचा.

मुलीला यातलं काही ठाऊक नव्हतं. ती यायच्या आधी ते फळीवर चादर ओढून ठेवत.

त्या रविवारी तिच्या उन्हाच्या चष्म्याची केस फुटली होती. चष्मेवाले खाली पाव आणायला गेले होते. बापाच्या घरात केस मागायची काय गरज, म्हणून तिने कपाट उघडलं. चादर बाजूला झाली. पहिली केस उघडली, आत वाळकी काडी. दुसरी उघडली, तिसरी. ते पाव घेऊन आत आले तेव्हा पलंगावर आठ-नऊ केसा उघड्या पडल्या होत्या आणि मुलगी झाकणांवरच्या तारखा वाचत होती.

त्यांनी पाव टेबलावर ठेवला आणि पहिल्यांदा काय केलं, तर केसांची झाकणं भराभर लावायला लागले. वारा लागेल त्यांना, असं काहीतरी पुटपुटले. मुलीने त्यांचं मनगट धरलं.

"बाबा, हे सगळे मेलेत."

"एक दिवस थांबावं असं लिहिलंय तिने."

"ही तारीख बघा. सहा महिने झाले."

"मला कळत नाही," चष्मेवाले म्हणाले. "मेलेलं कुठलं आणि सोंग कुठलं, मला नाही ओळखता येत." त्यांचा आवाज इतका वेगळा आला की मुलगी खाली बसली आणि तिने त्यांनाही बसवलं. मनगट सोडलं नाही.

मग त्यांनी सांगितलं. आठ महिने दाबून ठेवलेलं एका दमात बाहेर आलं. भिंतीकडचं तोंड, ताणलेला हात, झाली का काडी म्हणालो, हसलो, चहा झाकला. डॉक्टरांना नऊ का सांगितलं. तुझा चेहरा पाहून ते वाक्य कसं सुचलं. खिडकी नव्हती, वेणी नव्हती, गोवर नव्हता, सगळं मी रचलं. सांगताना ते लेकीकडे पाहत नव्हते, मांडीवरच्या बंद केसेकडे पाहत होते. ही आता हंबरडा फोडेल, हे त्यांनी धरूनच ठेवलं होतं. तिचा एवढा एकच दिलासा होता आणि तो आपण आपल्या हाताने काढून घेतला, अशी टोचणी त्यांना बोलता बोलताही लागत होती.

"म्हणजे ती काही बोललीच नाही," मुलगी म्हणाली.

"नाही."

"माझ्याबद्दलही नाही."

"कुणाबद्दलच नाही गं."

तिने मोठा श्वास सोडला. ती रडली नाही. मग ती म्हणाली, की ते वाक्य खोटं आहे हे तिला त्या संध्याकाळीच कळलं होतं. आई तिला बाळ कधीच म्हणत नसे. बाळ बाबा म्हणतात. आईची ती ठमी होती, आणि राग आला की ठमाबाई. "मला वाटलं, जाताना ती मला शिव्या देत गेली. मी मर म्हणाले होते ना तिला. तुम्ही ते झाकताय असं वाटायचं. आठ महिने मी तेच ऐकत होते, तुमच्या वाक्यामागे."

चष्मेवाल्यांना क्षणभर सुटल्यासारखं वाटलं. तोंडून जवळजवळ हसू आलं, ओलं, भलतंच. पण मुलगी थांबली नव्हती. तिच्या डोक्यात हिशेब आता कुठे पोचत होता.

"तुम्ही दारात उभे होतात तेव्हा," तिने विचारलं, "तिचा श्वास चालू होता?"

चौतीस वर्षं केसाएवढे ओरखडे पाहणाऱ्या माणसाने मांडीवरची केस उघडली आणि परत मिटली.

"मी बघितलं नाही."

तिने मनगटावरचा हात काढून घेतला. रागाने नाही, हळूच, गरम भांड्यावरून काढावा तसा. पडद्यावरच्या काड्या डुलत होत्या. दुपार कलली तरी पाव टेबलावरच पडला होता.

शेवटी त्यांना राहवलं नाही. खोटं आहे हे ठाऊक होतं तर दर रविवारी विचारायचीस कशाला, असं त्यांनी विचारलं. मला पकडायला?

मुलीने पहिल्यांदा नाही म्हणून मान हलवली. मग तिला रडू कोसळलं, आणि ते त्या पहिल्या संध्याकाळच्या रडण्यासारखं नव्हतं.

"ती बोलत तर होती ना," ती म्हणाली. "खोटी का असेना. दर रविवारी थोडं जास्त बोलायची."

पुढच्या रविवारी ती आली, नेहमीसारखी. पानं आणली होती, पेटीतली जुनी काढून नवी लावली. एकतीस केसा दोघांनी मिळून रिकाम्या केल्या, एकेक करून, आणि प्रत्येक वेळी टाकण्याआधी चष्मेवाले भिंग लावून पाहत होते, तरी तिने अडवलं नाही. जेवण झालं. भांडी विसळून झाली. तिने पदर खोचला आणि पिशवी उचलली. चष्मेवाले दारापाशी उभे राहिले. त्यांनी मनातल्या मनात खिडकी उघडून ठेवली होती, वेणी घालायला घेतली होती, चहात साखर कमी टाकली होती. लेकीने एकदा विचारायचा अवकाश होता.

तिने चपला घातल्या, येते म्हणाली आणि जिना उतरून गेली.